स्कॉटलंडची राणी मेरी हिचा खटला आणि शिरच्छेद : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

८ फेब्रुवारी १५८७ रोजी इंग्लंडमधल्या फॉदरिंगे किल्ल्यात एका राणीचं डोकं उडवलं गेलं. तिचं राज्य वीस वर्षांपूर्वीच गेलं होतं आणि मृत्युदंडाच्या आज्ञापत्रावर सही होती दुसऱ्या एका राणीची, इंग्लंडच्या एलिझाबेथची. या खटल्याबद्दल लोक मला सारखे विचारतात, आणि बहुतेक वेळा एकाच तयारीने विचारतात : मेरी निर्दोष होती की कटवाली, एक काय ते सांगा. माझं मत असं की कटाला तिची संमती होती आणि तरीही तिचा खटला न्याय्य नव्हता. या दोन्ही गोष्टी एकदमच खऱ्या आहेत.

ही मेरी नेमकी कोणती? ‘ब्लडी मेरी’ ती हीच का?

नाही. हा घोटाळा फार होतो. ‘ब्लडी मेरी’ म्हणजे मेरी ट्यूडर, इंग्लंडची राणी, एलिझाबेथची थोरली सावत्र बहीण. ती १५५८ मध्ये आजारपणात वारली. आपण बोलतोय ती मेरी स्टुअर्ट, स्कॉटलंडची राणी. जन्म ८ डिसेंबर १५४२, लिनलिथगो राजवाड्यात. सहाच दिवसांनी वडील, पाचवे जेम्स, वारले आणि पाळण्यातली ही पोर राणी झाली.

पाच वर्षांची असताना तिला फ्रान्सला पाठवलं, कारण इंग्लंडच्या आठव्या हेन्रीने तिला सून करून घेण्यासाठी स्कॉटलंडवर फौजा घातल्या होत्या आणि तो मेल्यावरही हल्ले थांबले नव्हते. १५५८ मध्ये फ्रान्सच्या युवराजाशी तिचं लग्न झालं, पुढच्या वर्षी ती फ्रान्सची राणी झाली, आणि डिसेंबर १५६० मध्ये अठराव्या वर्षाच्या उंबरठ्यावर विधवा झाली. ऑगस्ट १५६१ मध्ये ती स्कॉटलंडला परतली तेव्हा तो देश प्रॉटेस्टंट झाला होता आणि ती कॅथलिकच राहिली होती.

मेरी आणि एलिझाबेथ यांचं नातं काय?

इंग्रजी पुस्तकांत ‘कझिन’ एवढंच असतं. मराठीत मात्र नेमकं सांगता येतं : आत्या-भाची. सातव्या हेन्रीची मुलगी मार्गारेट स्कॉटलंडला दिली होती आणि त्याचा मुलगा आठवा हेन्री इंग्लंडच्या गादीवर बसला. मार्गारेटचा मुलगा पाचवा जेम्स हा एलिझाबेथचा आतेभाऊ, आणि मेरी ही त्याची मुलगी. पत्रांत मात्र दोघी एकमेकींना ‘बहीण’ म्हणत. राण्यांची तशी रीतच होती.

सगळं दुखणं या नात्यातच आहे. एलिझाबेथला मूल नव्हतं, त्यामुळे रक्ताच्या हिशोबाने तिच्यानंतर मेरीचाच नंबर लागत होता. आणि अनेक कॅथलिकांच्या मते तर ‘नंतर’चा प्रश्नच नव्हता. आठव्या हेन्रीने पहिली बायको जिवंत असताना ॲन बोलिनशी केलेलं लग्न पोपने मानलं नव्हतं. म्हणून ॲनची मुलगी एलिझाबेथ त्यांच्या लेखी अनौरस होती आणि इंग्लंडची खरी राणी मेरी. तरुणपणी फ्रान्समध्ये मेरीने आपल्या राजचिन्हात इंग्लंडचं चिन्हही मिरवलं होतं. एलिझाबेथ ते कधी विसरली नाही.

मेरीचं स्वतःचं राज्य कसं गेलं?

दोन लग्नं आणि एक खून. १५६५ मध्ये तिने लॉर्ड डार्नलीशी लग्न केलं. दिसायला देखणा, स्वभावाने उथळ. मार्च १५६६ मध्ये त्याने आणि काही सरदारांनी तिच्या चिटणीसाला, डेव्हिड रिझियोला, तिच्या जेवणाच्या टेबलावरून ओढत नेऊन भोसकलं. ती तेव्हा सहा महिन्यांची गरोदर होती. पुढच्या फेब्रुवारीत एडिंबरामध्ये डार्नली राहत होता ते घर सुरुंगाच्या दारूने उडवलं गेलं आणि तो बाहेरच्या बागेत मेलेला सापडला.

संशय अर्ल ऑफ बॉथवेलवर होता. एप्रिलमध्ये तो निर्दोष सुटला, लगेच त्याने मेरीला पळवून नेलं आणि १५ मे १५६७ रोजी तिने त्याच्याशी लग्न केलं. तो जबरदस्तीचा मामला होता की तिच्या मर्जीचा, यावर आजही वाद होतात. सरदारांनी मात्र वाद घातला नाही, शस्त्रं उचलली. जूनमध्ये ती पकडली गेली, लॉकलेव्हन तळ्यातल्या किल्ल्यात ठेवली गेली, आणि २४ जुलै १५६७ रोजी तिच्याकडून राज्यत्यागाच्या कागदावर सही घेतली गेली. काही दिवसांपूर्वीच तिचा गर्भपात झाला होता, जुळी होती. वर्षाचा मुलगा जेम्स गादीवर बसला.

मग ती इंग्लंडलाच का गेली? फ्रान्स तर सासर होतं!

मे १५६८ मध्ये ती किल्ल्यातून निसटली, फौज जमवली आणि लँगसाइडला हरली. तिथून तीन दिवसांत ती सॉलवेची खाडी ओलांडून कोळ्यांच्या होडीने इंग्लंडच्या किनाऱ्यावर उतरली. बरोबरच्यांनी जाऊ नका म्हणून विनवलं होतं. पण राणी राणीला अंतर देणार नाही, आत्या सैन्य देईल आणि आपली गादी परत मिळेल, असा तिचा भरवसा होता. माझ्या मते तिच्या आयुष्यातली सर्वांत महाग पडलेली चूक हीच.

एलिझाबेथची पंचाईत झाली. मेरीला सैन्य द्यावं तर स्कॉटलंडमधल्या प्रॉटेस्टंट मित्रांशी वैर येणार. फ्रान्सला जाऊ द्यावं तर ती फ्रेंच फौज घेऊन परतायची. मोकळी सोडावी तर इंग्लंडमधले कॅथलिक तिच्याभोवती गोळा होणार. तेव्हा डार्नलीच्या खुनाची चौकशी लावली गेली. तिच्यावर उलटलेल्या सरदारांनी तिची म्हणून काही पत्रं पुढे केली. ती अस्सल होती की बनावट हे आता ठरवता येणार नाही, कारण मूळ पत्रं पुढे नाहीशी झाली. चौकशीत ती दोषी ठरली नाही, निर्दोषही ठरली नाही. फक्त सुटली नाही.

१९ वर्षं कैद म्हणजे अंधारकोठडी का?

तसं नव्हे. तिच्याजवळ नोकरचाकर होते आणि राणीपदाचं छत्रही खुर्चीवर होतं. बराच काळ ती अर्ल ऑफ श्रूजबरीच्या पहाऱ्यात टटबरी, शेफील्ड, चॅट्सवर्थ अशा ठिकाणी होती. अर्लची बायको बेस हिच्यासोबत बसून ती तासन्‌तास भरतकाम करी. त्यातले काही तुकडे अजून शिल्लक आहेत, आणि एका तुकड्यावरचं चित्र मला फार बोलकं वाटतं : लाल-पिवळसर केसांची मांजर आणि तिच्यासमोर उंदीर. एलिझाबेथचे केस लालसर होते हे वेगळं सांगायला नको.

पण पंचविशीत आलेली बाई चाळिशी ओलांडेपर्यंत आत राहिली. टटबरीच्या भिंती ओलसर, हवा कोंदट. संधिवाताने पाय धरले, अंग जड झालं. घोड्यावरून दौडणारी राणी शेवटी आधाराशिवाय चालू शकत नव्हती. १५८५ पासून ॲमियस पॉलेट नावाचा कडक प्युरिटन, म्हणजे कर्मठ प्रॉटेस्टंट, पहाऱ्यावर आला आणि उरलेली मोकळीकही गेली.

एका कैदी बाईची एवढी भीती का वाटावी?

कारण ती जिवंत असणं हेच कटांना आमंत्रण होतं. १५६९ मध्ये उत्तर इंग्लंडच्या सरदारांनी बंड केलं. १५७० मध्ये पोपने एलिझाबेथला धर्मबहिष्कृत करून तिच्या प्रजेला राजनिष्ठेतून मोकळं केलं. १५७१ मध्ये रिडोल्फी कट उघड झाला आणि मेरीशी लग्न करू पाहणाऱ्या ड्यूक ऑफ नॉरफोकचं डोकं पुढच्या वर्षी गेलं. १५८३ मध्ये थ्रॉकमॉर्टन कट. १५८४ मध्ये डच प्रॉटेस्टंटांचा नेता विल्यम ऑफ ऑरेंज याला त्याच्या घरात गोळी घातली गेली, तेव्हा लंडनच्या दरबारात सगळ्यांच्या मनात एकच आलं : आता आपली राणी.

एलिझाबेथचा खून झाला असता तर दुसऱ्या दिवशी हक्काने राणी कोण? मेरी. एलिझाबेथच्या मंत्र्यांची झोप उडवणारं गणित हेच होतं, आणि ती भीती खोटी नव्हती.

बॅबिंग्टन कट आणि बिअरचं पिंप, ही काय भानगड?

मेरीला आता चार्टलीच्या वाड्यात ठेवलं होतं आणि तिची पत्रं पूर्ण बंद केली होती. १५८६ च्या सुरुवातीला अचानक वाट सापडली. गिल्बर्ट गिफर्ड नावाच्या कॅथलिक तरुणाने सोय लावली : बर्टनहून येणाऱ्या बिअरच्या पिंपाच्या बुचात जलरोधक पुडकं, पुडक्यात पत्र. पिंप भरलेलं येई आणि रिकामं जाई, पत्रांची ने-आण दोन्ही बाजूंनी होई. महिनोन्‌महिने बातमीला आसुसलेल्या मेरीला केवढा आनंद झाला असेल!

पण गिफर्ड हा एलिझाबेथचा सचिव फ्रान्सिस वॉल्सिंगहॅम याचा माणूस होता. पॉलेटला सगळं ठाऊक होतं. बिअरवाला तर दोन्हीकडून पैसे घेत होता. प्रत्येक पत्र आधी थॉमस फेलिप्सच्या हाती जाई. तो सांकेतिक लिपी फोडून नक्कल करी, लाखेचं सील पुन्हा जसंच्या तसं बसवायला वेगळा तरबेज माणूस होता, आणि मग पत्र पुढे जाई.

जुलैमध्ये अँथनी बॅबिंग्टन या श्रीमंत कॅथलिक तरुणाने मेरीला लिहिलं की परकी फौज उतरेल, तुमची सुटका होईल आणि सहा सद्‌गृहस्थ एलिझाबेथचा निकाल लावतील. १७ जुलैला मेरीने सविस्तर उत्तर धाडलं. फेलिप्सने त्या उत्तराच्या नकलेवर फासाच्या खांबाचं चित्र काढलं.

त्या उत्तरात तिने खुनाला होकार दिला होता का?

माझं उत्तर : हो, दिला होता, सरळ शब्दांत नसला तरी. सगळी तयारी झाल्यावर सहा गृहस्थांना कामाला लावावं आणि ते काम फत्ते होताच माझ्या सुटकेची व्यवस्था असावी, असा तिचा मजकूर आहे. ‘ते काम’ म्हणजे काय हे दोघांनाही ठाऊक होतं.

लोक इथे बनावट मजकुराचा मुद्दा काढतात, आणि तो खरा आहे. फेलिप्सने पत्राच्या शेवटी त्याच लिपीत ताजा कलम घुसडला : त्या सहा जणांची नावं कळवा. पण ही भर नावं काढण्यासाठी होती. होकार आधीच्या मजकुरातच आहे, आणि तिच्या दोन चिटणिसांनी, नाऊ आणि कर्ल यांनी, अटकेत असताना तो मजकूर कबूल केला. अठरा वर्षं कोंडलेल्या माणसाने सुटकेची कुठलीही दोरी पकडली असती, हे मला समजतं. तिला दोष देताना माझा हात अडखळतो. पण पत्र पत्रच आहे.

तिच्यावर खटला कोणत्या कायद्याने चालला?

तिच्यासाठीच केलेल्या. १५८४ च्या शरद ऋतूत हजारोंनी एका प्रतिज्ञापत्रावर सह्या केल्या : राणीच्या जिवावर कुणी उठलं, तर ज्याच्यासाठी तो कट झाला त्यालाही आम्ही ठार करू. १५८५ मध्ये संसदेने याला कायद्याचं रूप दिलं. गादीवर हक्क सांगणाऱ्याच्या वतीने कट झाला तर खास न्यायमंडळ नेमून चौकशी व्हावी, आणि त्या व्यक्तीला कटाची माहिती असेल तर तिचा जीवही घेता यावा. कायद्यात मेरीचं नाव नाही. नाव घालायची गरजच नव्हती. स्वतःची निष्ठा दाखवायला मेरीनेही त्या प्रतिज्ञापत्रावर सही केली होती! हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बसलो होतो.

खटला प्रत्यक्ष कसा चालला?

११ ऑगस्टला तिला शिकारीला म्हणून वाड्याबाहेर काढलं. समोरून घोडेस्वार येताना दिसले तेव्हा क्षणभर तिला वाटलं असेल की आपले सोडवायला आले. ते अटकेचा हुकूम घेऊन आले होते. सप्टेंबरअखेर तिला फॉदरिंगेला आणलं. बॅबिंग्टन आणि त्याचे साथीदार तोवर लंडनमध्ये हालहाल करून मारले गेले होते.

न्यायमंडळासमोर यायलाच तिने आधी नकार दिला. मी राणी आहे, एलिझाबेथची प्रजा नाही. मग माझ्यावर राजद्रोह कसा? या प्रश्नाला त्या दालनात कुणाकडेच नीट उत्तर नव्हतं. शेवटी न्यायमंडळातल्या क्रिस्टोफर हॅटनने तिला गाठलं : निर्दोष असाल तर गप्प राहून स्वतःच्याच नावाला काळिमा लावाल. ती तयार झाली.

१४ ऑक्टोबर १५८६. दालनाच्या एका टोकाला छत्राखाली सिंहासन, आणि ते रिकामं, एलिझाबेथच्या नावाने मांडलेलं. दोन्ही बाजूंना उमराव, मंत्री, न्यायाधीश. काळ्या मखमलीत, पांढऱ्या ओढणीत, लंगडत, माणसाच्या आधाराने मेरी आली. तिची खुर्ची सिंहासनापासून दूर, खाली ठेवलेली. जन्माने राणी असून मला ही जागा, असं ती बोललीच.

दोन दिवस ती एकटी लढली. वकील नाही, पण त्या काळी इंग्लंडमध्ये राजद्रोहाच्या कुठल्याच आरोपीला तो मिळत नसे. स्वतःची कागदपत्रं काढून घेतलेली. पुराव्याची पत्रं म्हणजे नकला. तिचे चिटणीस जिवंत होते, पण समोर आणले नाहीत, नुसते त्यांचे जबाब वाचले. सुटकेचे प्रयत्न केले, हे तिने कबूल केलं. खुनाचा कट नाकारला. वॉल्सिंगहॅमकडे वळून तिने बनावटगिरीचा आरोप केला तेव्हा तो उठून म्हणाला की खासगी माणूस म्हणून प्रामाणिक माणसाला न शोभणारं आणि सरकारी माणूस म्हणून माझ्या पदाला न शोभणारं असं मी काही केलेलं नाही. हे वाक्य ज्याला जसं वाटेल तसं त्याने वाचावं.

आपल्या न्यायाधीशांना तिने बजावलं : सदसद्विवेकाला विचारा, आणि लक्षात ठेवा, जगाची रंगभूमी इंग्लंडच्या राज्यापेक्षा मोठी आहे. एलिझाबेथच्या हुकमावरून फॉदरिंगेत निकाल दिला गेला नाही. २५ ऑक्टोबरला वेस्टमिन्स्टरच्या स्टार चेंबर नावाच्या दालनात, मेरीच्या गैरहजेरीत, ती दोषी ठरली. फक्त लॉर्ड झूश याने पूर्ण संमती दिली नाही.

निकाल लागल्यावर तीन महिने का गेले?

एलिझाबेथ सही करेना. संसदेने दोनदा विनंती केली. तिने जे उत्तर दिलं त्याला ती स्वतःच ‘उत्तर नसलेलं उत्तर’ म्हणाली. दयेपेक्षा यात धास्ती जास्त होती असं मला वाटतं. आज अभिषिक्त राणीला कायद्याने मारता आलं, तर उद्या आपल्याला का नाही? आणि तिची स्वतःची आई, ॲन बोलिन, जल्लादाच्या तलवारीखाली गेली होती, एलिझाबेथ तीन वर्षांची नव्हती तेव्हा.

१ फेब्रुवारी १५८७ रोजी तिने सही केली. त्याच वेळी पॉलेटला पत्र गेलं : कैदेतच गुपचूप काम उरकता येईल का? पॉलेट मेरीचा द्वेष करायचा. तरीही त्याने साफ नकार दिला. कायद्याशिवाय रक्त सांडून मी माझ्या सदसद्विवेकाचा असा नाश करणार नाही, असं त्याने लिहिलं. या सगळ्या प्रकरणात ज्याच्याबद्दल मला आदर वाटतो असा अनपेक्षित माणूस हाच. बर्ली आणि इतर मंत्र्यांनी मग राणीला पुन्हा न विचारताच आज्ञापत्र रवाना केलं.

शेवटच्या दिवशी काय झालं?

७ तारखेच्या संध्याकाळी तिला सांगण्यात आलं : उद्या सकाळी. स्वतःचा कॅथलिक पाद्री भेटू दिला नाही. रात्री तिने मृत्युपत्र लिहिलं आणि पहाटे दोनच्या सुमारास दिराला, फ्रान्सच्या तिसऱ्या हेन्रीला, पत्र लिहिलं. त्यात दुःखापेक्षा हिशोब जास्त आहे : माझ्या नोकरांचे थकलेले पगार द्या, माझ्या आत्म्यासाठी प्रार्थना करवून घ्या.

सकाळी किल्ल्याच्या मोठ्या दालनात काळ्या कापडाने मढवलेला मंच होता. सोबत सहा नोकर, तेही हुज्जत घातल्यावर मिळाले. पीटरबरोच्या कॅथेड्रलचा डीन, म्हणजे प्रमुख धर्मगुरू, मोठ्याने प्रॉटेस्टंट प्रार्थना म्हणू लागला, ती त्याहून मोठ्याने लॅटिनमध्ये म्हणू लागली. जल्लादाने गुडघे टेकून क्षमा मागितली, तिने दिली. वरचा काळा पोशाख उतरवला तेव्हा आत गडद लाल वस्त्रं होती. हौतात्म्याचा रंग. खटला तिच्या हातात नव्हता, पण हा रंग तिने निवडला होता. जेन केनेडीने डोळ्यांवर कापड बांधलं.

पहिला घाव डोक्याच्या मागे बसला, दुसऱ्याने मान तुटली, उरलेला तंतू कुऱ्हाडीने कापावा लागला. जल्लादाने केस धरून डोकं उचललं, तर हातात केसांचा टोप राहिला आणि डोकं खाली पडलं. तिचे खरे केस आखूड होते, पांढरे झालेले. वय ४४. मग तिच्या घागऱ्याखालून तिचा छोटा कुत्रा निघाला. तो तिला सोडून जाईना; डोकं आणि खांदे यांच्यामध्ये जाऊन बसला.

तिचे कपडे, ठोकळा, रक्त लागलेलं सगळं काही जाळण्यात आलं, कुणी पवित्र अवशेष म्हणून नेऊ नये म्हणून.

मुलगा जेम्स गप्प का बसला?

आईला त्याने शेवटचं पाहिलं तेव्हा तो दहा महिन्यांचा होता, आणि तिच्या शत्रूंनी त्याला वाढवलं होतं. जुलै १५८६ मध्येच त्याने इंग्लंडशी तह करून वार्षिक मानधन पदरात पाडलं होतं. रदबदलीला राजदूत पाठवले, नंतर निषेध केला, युद्ध केलं नाही. त्याचं लक्ष इंग्लंडच्या गादीवर होतं, आणि १६०३ मध्ये ती त्याला मिळाली.

एलिझाबेथचा संताप खरा होता का?

बातमी लंडनला पोचली तेव्हा घंटा वाजल्या, शेकोट्या पेटल्या. एलिझाबेथ मात्र रडली, जेवण टाकलं, बर्लीला समोर येऊ देईना. आज्ञापत्र सांभाळणारा सचिव विल्यम डेव्हिसन लंडन टॉवरच्या तुरुंगात गेला आणि त्याला जबर दंड झाला. जेम्सला तिने लिहिलं की हा दुर्दैवी अपघात माझ्या मनाविरुद्ध घडला. दुःख खरं असेल. पण सही तिची होती, आणि शिक्षा भोगली हुकूम पाळणाऱ्या कारकुनाने. हे मला आजही खुपतं.

दोघी कधी भेटल्या होत्या का?

एकदाही नाही. १५६२ मध्ये भेट ठरली होती, ती रद्द झाली. नाटक-सिनेमांत समोरासमोरचा प्रसंग असतो तो कल्पित.

काही ठिकाणी तारीख १८ फेब्रुवारी का असते?

युरोपातल्या कॅथलिक देशांनी १५८२ पासून नवं ग्रेगोरियन कॅलेंडर घेतलं, इंग्लंडने नाही. दोहोंत दहा दिवसांचा फरक होता. दिवस एकच.

आज काय पाहायला, वाचायला मिळतं?

फॉदरिंगेचा किल्ला उरला नाही. नदीकाठी गवताने झाकलेला उंचवटा आहे आणि दगडी बांधकामाचा एक ढेकूळ. मेरीला आधी पीटरबरोच्या कॅथेड्रलमध्ये पुरलं होतं. १६१२ मध्ये जेम्सने तिला वेस्टमिन्स्टर ॲबीत आणून संगमरवरी समाधी बांधली. सातव्या हेन्रीच्या चॅपलमध्ये दक्षिणेच्या बाजूला ती आहे, उत्तरेच्या बाजूला एलिझाबेथ. आणि एलिझाबेथच्याच थडग्यात मेरी ट्यूडर, जिच्याशी लोक आपल्या मेरीची गल्लत करतात.

वाचायचं म्हणाल तर नवीन भर पडली आहे. पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात इटलीविषयक म्हणून नोंदलेल्या कागदांत काही सांकेतिक पत्रं होती. तीन हौशी संशोधकांनी ती लिपी फोडली आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये जाहीर केलं : ५७ पत्रं, १५७८ ते १५८४ या काळातली, बहुतेक फ्रेंच राजदूत कास्तेल्नो याला लिहिलेली, लिहिणारी मेरी. त्यांत तब्येतीच्या तक्रारी आहेत, सुटकेच्या वाटाघाटी आहेत, वॉल्सिंगहॅमपासून जपा असा इशारा आहे. आणि १५८२ मध्ये जेम्सला स्कॉटिश सरदारांनी पळवून नेलं तेव्हाची तिची घालमेलही आहे, त्या मुलासाठी, ज्याला तिने पंधरा वर्षांत पाहिलं नव्हतं.